तेलात कालवलेलं कुंकू

आमच्या घरचा रविवार अंगणात सुरू व्हायचा. रायपूरच्या चौबे कॉलनीतल्या त्या घराचं अंगण ते केवढं, एक गाडी उभी केली की माणसाला तिच्या कडेनं अंग चोरून जावं लागे. पण बाबांना तेवढं पुरायचं. सकाळचा चहा झाला की ते पट्ट्यापट्ट्यांचा पायजमा आणि उसवलेला बनियान घालून बाहेर यायचे, जुनी सतरंजी अंथरायचे आणि गाडीखाली शिरायचे. मग जॅकची कुरकुर, पान्याचा ठणठणाट, मधूनच बाबांचं स्वतःशी पुटपुटणं, आणि आतून तव्यावर चिला पसरल्याचा चर्र आवाज. तांदळाच्या पिठाचा चिला आई शेजारच्या शुक्ला भाभींकडून शिकली होती, पण त्यात ती हिरवी मिरची आणि मूठभर सांबार आपल्या मनानं घालायची. सांबार म्हणजे आमच्याकडे कोथिंबीर, हे मला पुढे पुण्यातल्या मैत्रिणींना समजावून सांगावं लागलं. सोबत टोमॅटोची चटणी, आणि दुपारी पातोडीची तर्रीदार भाजी. आता माझ्या घरी रविवारी सगळे उशिरा उठतात आणि जेवण बाहेरून येतं. त्याबद्दल माझी काही तक्रार नाही, फक्त घर फार गप्प असतं.

गाडी बाबांनी निवृत्त होणाऱ्या एका साहेबाकडून घेतली होती. कॉलनीत तेव्हा बहुतेकांकडे स्कूटर होती, आणि रेल्वेच्या हिशेब खात्यातल्या कारकुनानं गाडी घ्यावी हे लोकांना जरा जास्तच वाटलं. बाबांना मात्र ती मिरवायची हौस कमी आणि खोलायची जास्त. मिस्त्रीकडे गाडी न्यायची म्हणजे त्यांना कमीपणा वाटायचा. "जे आपल्याले खोलता येत नाही, ते आपलं नाही," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. त्यावर आई आतून म्हणायची, "शिलाई मशीन खोलता आली, जोडता नाही आली, ते कोनाचं मंग?" बाबा ऐकू न आल्यासारखं करायचे. पण हळूहळू त्यांचं नाव झालं. कुणाची स्कूटर सुरू होत नसली, कुणाच्या पंपात हवा धरली, की "वानखेडेजी को बुलाओ" असा निरोप यायचा आणि बाबा पान्यांची पिशवी घेऊन निघायचे. ऑफिसात त्यांना कुणी फार विचारत नसावं. कॉलनीतलं ते नाव हीच त्यांची खरी कमाई होती, आणि आईला ते आमच्यापेक्षा जास्त कळत होतं.

घरात दोन भाषा होत्या. आई-बाबा वऱ्हाडीत बोलायचे आणि मी हिंदीत उत्तर द्यायची. आई विचारायची, "शाळेत काय झालं वं आज?" मी म्हणायची, "कुछ नहीं, मम्मी." त्यात कुणाला काही वावगं वाटत नसे. साऱ्या कॉलनीतल्या मराठी घरांत हेच चालायचं, अजूनही चालतं. लग्नानंतर मी काही वर्षं पुण्यात काढली तेव्हा कुठे मराठी माझ्या तोंडात बसली, आणि ती बसली तीही पुण्याची. आईची बोली मला समजते सगळी, पण बोलायला गेले तर नकला केल्यासारखं वाटतं. हे माझं मलाच फार लागतं, विशेषतः आता, तिच्याशी बोलायला माणसं उरली नाहीत तेव्हा.

मागच्या चाकांच्या ब्रेकचं काम एकट्यानं होण्यासारखं नव्हतं. आजकालच्या गाड्यांचं मला फारसं कळत नाही, पण त्या गाडीत चाकाच्या आत लोखंडी ड्रम असे, ड्रमच्या आत दोन कमानदार पट्ट्या, आणि पट्ट्यांच्या पाठीवर घासायचं अस्तर, ज्याला बाबा लायनर म्हणत. पायानं ब्रेक दाबला की पट्ट्या फाकायच्या, लायनर ड्रमला घासायचा, चाक थांबायचं. हँडब्रेक ओढला तरी हेच मागचे लायनर कामाला लागायचे. ते झिजले की बाबा मागची दोन्ही चाकं काढायचे. गाडीखाली रुळांखालच्या लाकडी स्लीपरचे जाडजूड तुकडे लावायचे, पुढच्या चाकांना विटांची अडण द्यायचे, ड्रम लाकडी हातोडीनं ठोकून सैल करायचे. आतून काळी भुकटी भसकन पडायची. आमच्या गच्चीवर उरल्याच्या कारखान्यांकडून वाऱ्याबरोबर येणारी काळी पूड आधीच इतकी असे, की या भुकटीचं आईला वेगळं काही वाटायचं नाही. सगळं जोडून झालं की नळीत शिरलेली हवा काढायची. त्यासाठी एकानं चाकाशी बसून पेच उघडायचा आणि दुसऱ्यानं गाडीत बसून ब्रेक दाबायचा. हा दुसरा माणूस म्हणजे आई.

"ऐकून राह्यली का?" बाबा खालून विचारायचे. आई गॅस बारीक करून, पदराला हात पुसत यायची आणि स्टिअरिंगमागे बसायची. "दाब," बाबा म्हणायचे. "दाबला." "धर." "धरला." "सोड." त्यांच्या संसारातलं सगळ्यात सुरळीत संभाषण तेवढंच असावं, एरवी त्यांचं एक वाक्य धड सरळ जायचं नाही. काम संपलं तरी आई लगेच उतरायची नाही. मागच्या चाकांविना तिरक्या उभ्या असलेल्या त्या गाडीत ती बसून राहायची, एकेक दांडा हलवून बघायची. एकदा तिनं विचारलं, "हा तिसरा पाय कायचा?" बाबा म्हणाले, "क्लच. ते तुह्या कामाचं नाही." ती म्हणाली, "कामाचं नाही तं मंग बनवला काहून?" बाबा हसले आणि गाडीखालूनच त्यांनी तिला क्लच समजावून सांगितला. पुढे कित्येक रविवार हेच चाललं. गाडी लाकडांवर, आई आत, गिअर बदलते आहे, आरशात बघते आहे, वळणाचा हात दाखवते आहे. मी पायरीवर चिला खात चिडवायची, "मम्मी, कहाँ तक पहुँची?" ती मागे न बघता म्हणायची, "डोंगरगढ झालं, आता सालेकसा येते." तिचं माहेर गोंदियाचं होतं, आणि ही त्या वाटेवरची गावं.

बाबांचं एक मला आवडतं, त्यांनी हे हसण्यावारी नेलं नाही. एका हिवाळ्यात ते तिला पहाटे कॉलेजच्या मैदानावर घेऊन जायला लागले. आई पातळाचा काष्टा खोचून, स्वेटर घालून, केसांना स्कार्फ बांधून बसायची. मी मागच्या सीटवर अर्धवट झोपेत. ती लवकर शिकली. बाबांपेक्षा बरी चालवायची, हे बाबाच सांगत. पुढच्या दिवाळीत आम्ही आगगाडीनं गोंदियाला गेलो तेव्हा तिनं आबांना, म्हणजे तिच्या वडिलांना, सांगून टाकलं की पुढच्या खेपेला मी स्वतः गाडी चालवत येणार. आबा तंबाखू मळत होते. त्यांच्या पाच पोरींपैकी कुणी सायकलही चालवली नव्हती. ते म्हणाले, "ये. मी फाटकापाशी उभा राहीन. गल्लीतल्या साऱ्याइले सांगून ठेवतो." परतीच्या प्रवासात आई खिडकीशी बसून रुळांकडेनं जाणारी सडक बघत होती. मधेच बाबांना म्हणाली, "हे वळन अवघड हाय नाही?" इतकं तिनं ते मनावर घेतलं होतं. तेव्हा ती आज माझी सून आहे त्याहूनही लहान होती, हे लक्षात आलं की मला कसंसंच होतं.

मग मागचे ब्रेक किंचाळायला लागले. बाबांनी ऐकूनच सांगितलं, लायनर संपले. गोंदियाला जायचं तर आधी हे काम. शनिवारी ते बाजारातून नव्या पट्ट्यांचा खोका घेऊन आले आणि फळीवर ठेवून दिला. आमच्या घरी कुठलीही नवी वस्तू हळदकुंकू लागल्याशिवाय वापरात येत नसे. पंखा असो, बादली असो, माझी शाळेची छत्री असो. संध्याकाळी आईनं देवापुढे दिवा लावला, खोका उघडला, पट्ट्या ताटात मांडल्या. एरवी ती कुंकू पाण्यात कालवायची. त्या दिवशी ती थबकली. बाबा लोखंडाला पाण्याचा थेंब लागू देत नसत, गंजेल म्हणून प्रत्येक पान्याला तेलाचा हात फिरवून ठेवत, हे ती रोज बघत होती. तिनं समईतलं तिळाचं तेल घेतलं, त्यात कुंकू कालवलं, आणि लायनरच्या गुळगुळीत पाठीवर एकेक ठसठशीत स्वस्तिक काढलं. शेजारी दोन-दोन रेघा. वर अक्षता. मला म्हणाली, "लोखंडाले पानी नको ना." तिला वाटलं, आपण बाबांसारखाच विचार केला.

सकाळी बाबांनी खोका उघडला तेव्हा मी पायरीवर होते. ते पट्टी हातात धरून बराच वेळ बघत राहिले. लाल तेल रात्रभरात अस्तरात चांगलंच मुरलं होतं. आई दारातच उभी होती, नारळ आणि ताट तयार ठेवून, आंघोळ करून, नवं पातळ नेसून. "केली मी पूजा," ती म्हणाली. बाबा म्हणाले, "हव." त्यांनी बनियानच्या चिंधीनं ती पट्टी पुसली, दुसरी पुसली, पुन्हा पुसली, आणि बसवून टाकली. त्यांच्या पुसण्यात मला तेव्हा काही विशेष दिसलं नाही. ब्रेकच्या लायनरला तेलाचं बोट लागलं तरी चालत नाही, हे मला फार उशिरा कळलं. बाबांना ते तेव्हाच माहीत होतं.

नवीन काम झालं की तलावाच्या बांधावरच्या शीतला मातेला नारळ फोडायचा. देऊळ वर होतं, बांधावर जायला छोटा चढ होता. बाबा हात धुऊन आले आणि किल्ली आईपुढे धरून म्हणाले, "ने तूच." कॉलनीतून दिवसाउजेडी, सगळ्यांसमोर ती पहिल्यांदाच चालवणार होती. शुक्ला भाभी फाटकावर आल्या. आई कुणाकडे न बघता सरळ समोर बघत निघाली, पण तिचा चेहरा आतून हसत होता, ते मला आरशात दिसत होतं. सपाट रस्त्यावर गाडी छान गेली. पुढच्या चाकांचे ब्रेक चांगले होते, वेग कमी होता, कुणाला काही जाणवलं नाही. चढ तिनं एका दमात चढला, देवळासमोर, चढाच्या तोंडाशीच गाडी थांबवली. मी ताट घेऊन आधी उतरले आणि पायऱ्या चढायला लागले. मागे दारं लागल्याचे आवाज ऐकू आले. दोघंही उतरले होते. आणि मग बाबांची हाक आली, नाव नसलेली, नुसती हाक.

मी वळून पाहिलं तर गाडी मागे चालली होती. आधी हळूच, मग जोरात. बाबा दार पकडायला धावले आणि घसरून पडले. चढाच्या तळाशी कडुलिंबाखाली एक फुटाणेवाली बसायची, तिला सगळे दाई म्हणत, म्हणजे छत्तीसगढीत आई. ती उठली, पण टोपली उचलायला वाकली, आणि तेवढ्यात गाडीचा मागचा कोपरा तिला लागला. ती नालीत पडली. गाडी लिंबाला जाऊन थांबली. सगळीकडे फुटाणे आणि मुरमुरे पसरले होते, आणि दाई नालीत बसून आपल्या मनगटाकडे बघत होती, ओरडतही नव्हती. मनगट मोडलं होतं. त्याहून जास्त काही झालं नाही, हे नशीब असं सगळे म्हणाले, पण त्या हातानं ती पुढे कधी टोपली उचलू शकली नाही, हे मी स्वतः बघितलं आहे. लोक जमले. शुक्लाजीही धावत आले. गाडीभोवती एक फेरी मारून ते म्हणाले, "भाभीजी हैंडब्रेक खींचना भूल गई होंगी. लेडीज को कहाँ ध्यान रहता है." बाबांनी काहीतरी बोलायला तोंड उघडलं. त्याआधी आई म्हणाली, "हाँ भैया. मैं ही भूल गई." बाबांनी तिच्याकडे पाहिलं. तिनं त्यांच्याकडे पाहिलं. मग बाबा म्हणाले, "नई-नई हैं अभी." आणि दाईला रिक्षात घालून दवाखान्यात न्यायच्या गडबडीत बाकीचं सगळं बुडून गेलं.

दाईचा हात प्लास्टरात होता तोवर आई रोज तिच्या घरी डबा घेऊन चालत जायची. कॉलनीत वर्षभर तो किस्सा पुरला. कुणाच्या बायकोनं स्कूटर शिकायचं काढलं, की नवरा आमच्या आईचं उदाहरण द्यायचा. माझ्यासमोरही द्यायचे. मी तेव्हा नववीत होते आणि मला आईची लाज वाटायची, रागही यायचा, की साधा एक दांडा ओढायचा होता आणि तेवढंही हिला जमलं नाही. आई ऐकून घ्यायची आणि हसायची. नंतरच्या एका रविवारी बाबा तिला म्हणाले, "चालवते का? मैदानावर जाऊ." ती म्हणाली, "नको आता. गर्दी वाढली." पहाटेच्या मैदानावर कसली आली गर्दी! पण बाबांनी पुन्हा विचारलं नाही. किल्ली खिळ्याला अडकली ती तिच्या हातात पुन्हा कधी आली नाही. आम्ही गोंदियाला जात राहिलो, आगगाडीनं. आबांनी एकदा विचारलं, "गाडी कुठी हाय वं तुही?" ती म्हणाली, "तिचं ब्रेकचं काम निघालं आबा." ते म्हणाले, "बरं, पुढच्या खेपेले." तसं ते दोन-तीन खेपा म्हणाले, आणि मग आबाच राहिले नाहीत.

इतक्या वर्षांनी मी गाडी चालवायला शिकले, रायपूरला परत आले, आणि म्हाताऱ्या बाबांना डोळ्यांच्या तपासणीला नेणं-आणणं माझ्याकडे आलं. त्यांची एक खोड होती. मी गाडी थांबवून हँडब्रेक ओढला, की ते त्यावर आपला हात ठेवून पुन्हा ओढून बघायचे. एकदा मी वैतागून म्हणाले, "बाबा, मी ओढलाय." ते म्हणाले, "तिनंही ओढला होता." मला आधी कळलंच नाही ते कुणाबद्दल बोलतायत. मग दवाखान्याच्या बाहेर, उन्हात, काचा खाली करून त्यांनी सगळं सांगितलं. हँडब्रेक ओढल्याचा कर्रकर्र आवाज त्यांनी आपल्या कानांनी ऐकला होता. लायनर तेलकट होते, म्हणून ते धरले नाहीत. पेट्रोलनं धुवून, पॉलिश पेपर मारून बसवायला हवे होते. पण तिच्यासमोर तिचं स्वस्तिक पेट्रोलनं धुवायचं त्यांच्या जिवावर आलं. चार वेळा ब्रेक दाबला की तेल जळून जाईल, असं त्यांनी मनाशी धरलं. पुढच्याच आठवड्यात आई हळदीकुंकवाला गेलेली असताना त्यांनी ड्रम उघडले, लायनर धुतले, घासले, आणि तेच लायनर मग वर्षानुवर्षं उत्तम चालले.

"मग तेव्हाच सांगायचं ना तिला," मी म्हणाले.

"काय सांगू? तुह्या कुंकवानं घात केला म्हनून सांगू? बाईले असं सांगतात काय?" ते म्हणाले. मग म्हणाले, "मी बोलनार होतो तिथंच. पन तिनंच म्हटलं, भूल गई. मले वाटलं तिले खरंच वाटून राह्यलं का ती विसरली. मंग म्हटलं, राहू दे. हे कुंकवापेक्षा हलकं हाय."

मी त्यांच्यावर चिडले नाही. डोळ्यांत औषध घातलेल्या माणसावर काय चिडायचं. पण खरं कारण कुंकू होतं की कॉलनीतलं ते नाव होतं, हे मला आजही ठरवता येत नाही. बहुधा दोन्ही असावं, आणि कुठलं किती हे त्यांनाही माहीत नसावं. आईला मी सांगू नये असं ते म्हणाले नाहीत. सांग असंही म्हणाले नाहीत. पुढच्या उन्हाळ्यात ते गेले. त्यानंतर आईनं कपाळाला कुंकू लावणं सोडलं, कुणी सांगितलं नसताना, आणि मग तो शब्द तिच्यापुढे काढायचा माझा धीर होईना.

आता ती माझ्याकडे असते, नवा रायपूरला. इथले रस्ते एवढे रुंद आणि रिकामे आहेत, की संध्याकाळी ती गॅलरीत बसून एखादी गाडी दिसायची वाट बघते. परवा माझ्या गाडीच्या मागच्या चाकांतून घासल्याचा आवाज येऊ लागला म्हणून मी कारागिराला घरीच बोलावलं. पोर्चमध्ये त्यानं गाडी उचलली, चाक काढलं, झिजलेले पॅड काढून दाखवले. आईनं खुर्ची मागवून घेतली आणि शेजारी बसून सगळं बघत राहिली. कशावरच झाकण नाही, चकती उघडीच, हे तिला फार नवलाचं वाटलं. मग तिनं त्याला विचारलं, "हँडब्रेक अब भी पिछले चक्के में ही लगता है ना, भैया?" तो म्हणाला, "हव, अम्मा." तो साहित्य आणायला आपल्या मोटारसायकलकडे गेला तेव्हा आई माझ्याकडे न बघता म्हणाली, "मी ओढला होता त्या दिवशी."

मी तिच्या खुर्चीशेजारी खाली बसले.

"पुरा ओढला होता. दोन्ही हातानं," ती म्हणाली.

"मग बोलली का नाहीस, आई?"

"काय बोलू? ब्रेक त्यायनं बसवले होते. साऱ्या कॉलनीत त्यायच्या हाताचं नाव. तिथं त्या दाईचा हात मोडून पडला, आन् मी चारचौघात म्हनू काय का ब्रेक लागलाच नाही? त्यायले कोनी मंग साधा पंप दुरुस्तीले बोलावलं नसतं. माह्यावर आलं तं काय. बाईमानूस, विसरली. लोकाइले तेच सोपं जाते."

"आणि बाबांना? घरी तरी?"

"ते आधीच खचले होते. दोन दिवस जेवले नाही नीट. त्यायच्या हातून काम चुकलं, हे त्यायले मालूम होतं, असं मले वाटलं. मंग मी कायले टोचू?" ती म्हणाली. "आबाले तेवढं सांगाचं होतं. राहून गेलं."

पोर्चमध्ये फक्त आम्ही दोघी होतो. ही गोष्ट पोटात घेऊन मी इतकी वर्षं काढली होती, ती अर्धीच होती, आणि दुसरी अर्धी रोज माझ्यासमोर बसून चहा पीत होती. मला वाटलं, आता नाही सांगितलं तर या घरात तिसरं माणूसही गप्प बसणार. म्हणून मी सांगितलं. समईचं तेल, अस्तरात मुरलेलं कुंकू, बाबांनी पाहिलेलं, पुसलेलं, आणि ती घरी नसताना धुतलेलं, सगळं सांगितलं. ती काय करेल याची मला फार भीती वाटत होती. ती रडली नाही. कपाळावर हात गेला तिचा, आणि तिथेच थांबला.

"त्यायचं काम चुकलं नव्हतं मंग," ती म्हणाली.

"नाही."

"आन् ते तेल होतं, हे त्यायले मालूम होतं."

"हो. तुला वाईट वाटेल म्हणून त्यांनी सांगितलं नाही, आई. तुझ्या कुंकवानं झालं हे तुला सहन होणार नाही, असं त्यांना वाटलं."

ती समोरच्या रस्त्याकडे बघू लागली. कारागीर परत आला, नवे पॅड बसवायला लागला, तरी ती तिकडेच बघत होती.

"वाईट तं वाटलंच असतं," ती म्हणाली. "दोन दिवस वाटलं असतं. मंग तेल पुसून मी गोंदियाले गेली असती."